पंचनाम्याच्या वाटेने: पुरानंतरचा गोवा

सोमवार, इब्रामपूर आणि हणखणे

गोव्यातला पूर झटपट येतो आणि तितक्याच लवकर ओसरतो. सह्याद्रीची धार समुद्रापासून इतकी जवळ आहे की घाटमाथ्यावर पडलेले पाणी दिवसाभरात खाडीला मिळते. त्यामुळे इथली आपत्ती बातम्यांत फार काळ टिकत नाही. मागे उरतात ते पंचनामे, अर्ज, दाखले आणि उतारे. मदत मिळाली तेव्हाची छायाचित्रे गावोगावी जपून ठेवलेली आहेत, परंतु मदत कोणाला नाकारली गेली याची यादी कोणत्याही पंचायतीच्या फलकावर लागत नाही. दिवाळीच्या तोंडावर, परतीच्या पावसाने आडवे केलेले भात शेतकरी उचलत असताना, मी ती न लावलेली यादी शोधण्यासाठी निघालो.

पेडणे तालुक्याच्या पूर्वेकडची ही गावे नदीला लागून आहेत. सिंधुदुर्गातील दोडामार्ग तालुक्यातून येणारी तिळारी गोव्यात शिरते आणि पुढे कोलवाळवरून शापोरा होऊन समुद्राला मिळते. तिळारी धरण महाराष्ट्राच्या भूमीत असले तरी प्रकल्प दोन्ही राज्यांचा आहे आणि त्याच्या पाण्यात गोव्याचा वाटा ७३.३० टक्के आहे. ऑगस्ट २०१९ मध्ये, ज्या दिवसांत सांगली-कोल्हापूर पाण्याखाली होते त्याच दिवसांत, तिळारीचे पाणी वाढले आणि इब्रामपूर, हणखणे, चांदेल, तसेच डिचोली तालुक्यातील साळ आणि मेणकुरे या गावांत शिरले. पाणी सोडले जाणार ही खबर सरकारी वाटेने येण्याआधी दोडामार्गातल्या पाहुण्यांच्या फोनवरून कळली, असे इब्रामपुरातील एका माडबागायतदाराने मला सांगितले. सीमेच्या अलीकडे-पलीकडे इथे सोयरिकी आहेत, आणि अनेकदा सरकारांपेक्षा त्याच अधिक तत्परतेने कामाला येतात.

या बागायतदाराची तक्रार मात्र धरणाबद्दल नव्हती. त्याला नुकसानभरपाई मिळाली होती. त्याच्या बागेत राबणाऱ्या, नदीकाठच्या पडवीत राहणाऱ्या कुटुंबाला काही मिळाले नव्हते, आणि ते का मिळाले नाही हे त्याला माझ्याइतकेच कळत नव्हते. त्या घराला पंचायतीचा घर क्रमांक आहे, विजेचे मीटर आहे, मतदार यादीत त्या पत्त्यावर नावे आहेत. जमीन मात्र त्याच्या आजोबांच्या नावावर आहे, कारण वारसाहक्काची इन्व्हेंटरी, म्हणजे वारसांत मालमत्ता वाटून देणारी न्यायालयीन प्रक्रिया, अजून झालेली नाही. म्हणजे उताऱ्यावर मालक म्हणून असलेला माणूस हयात नाही आणि हयात असलेला माणूस उताऱ्यावर नाही.

तिळारीच्या बाबतीत आणखी एक गोष्ट नजरेआड होऊ नये असे मला वाटते. धरणाच्या वरच्या अंगाला पाट्ये, आयनोडे, सरगवे, शिरंगे ही गावे कायमची गेली आणि तिथले लोक नोकरी व मोबदल्यासाठी वर्षानुवर्षे दोन राज्यांच्या दारात उभे राहिले. खालच्या अंगाची गावे अधूनमधून बुडतात. बुडण्याची वेळ आणि प्रमाण वेगळे असले तरी दोघांनाही उत्तर देणारे कार्यालय प्रत्येक वेळी सीमेच्या पलीकडचे निघते.

मंगळवार, साखळी ते वाळपई

साखळीच्या बाजारात वाळवंटीचे पाणी शिरणे ही जुनी गोष्ट आहे. बाजारपेठ वाचवण्यासाठी नदीकाठी भिंत आणि पाणी उपसणारे पंप आहेत, आणि पावसाळ्यात पंप चालू झाले की नाही याची विचारपूस इथे लोक भजनाची वेळ विचारावी तितक्या सहजतेने करतात. बाजाराला आवाज आहे. व्यापारी संघटित आहेत, आमदार जवळ आहेत आणि सध्याचे मुख्यमंत्री प्रमोद सावंत याच मतदारसंघातून निवडून येतात. साखळीतून पुढे सत्तरीत शिरले की हा आवाज विरळ होत जातो.

२३ जुलै २०२१ रोजी म्हादई, तिची उपनदी रगाडा आणि वाळवंटी या तिन्ही नद्यांनी सत्तरी, डिचोली, फोंडा, धारबांदोडा या तालुक्यांत घरे पाडली. १९८२ नंतरचा हा सर्वांत भीषण पूर असल्याचे मुख्यमंत्र्यांनी तेव्हा म्हटले होते आणि राज्यात सुमारे हजार घरांचे नुकसान झाल्याचा अंदाज दिला होता. आदल्याच दिवशी, त्याच पावसाने महाडजवळ तळिये गाव दरडीखाली गाडले गेले होते. त्या भयंकर बातमीपुढे गोव्याची पडलेली मातीची घरे देशाच्या नजरेत भरली नाहीत, आणि ते साहजिकही होते.

वेळूसमध्ये मला एका वृद्ध बाईंनी भिंत दाखवली. घर आता चिऱ्यांचे आहे, पण मागची एक मातीची भिंत त्यांनी मुद्दाम ठेवली आहे. पूर ओसरल्यावर दुसऱ्या दिवशी पंचनामा झाला तेव्हा भिंती उभ्या होत्या. भिजलेली माती उन्हाने सुकू लागली, भेगा पडल्या आणि काही दिवसांनी दोन भिंती एका रात्रीत खाली आल्या. पंचनाम्यात मात्र घर ‘अंशतः नुकसानग्रस्त’ म्हणून नोंदले गेले होते. “पुता, भिंत पडण्याची वाट बघून साहेब येतील का?” असे त्या म्हणाल्या, आणि या प्रश्नात त्यांना विनोद अभिप्रेत नव्हता.

नोंदीतल्या त्या एका शब्दाने किती फरक पडतो, हे आकड्यांवरूनच कळते. राज्य आपत्ती प्रतिसाद निधीचे निकष केंद्र सरकार ठरवते. गोव्यासारख्या राज्यात या निधीचा ७५ टक्के हिस्सा केंद्राचा आणि २५ टक्के राज्याचा असतो. २०२१ च्या पुराच्या वेळी लागू असलेल्या निकषांनुसार सपाट भागात पूर्ण पडलेल्या घराला ९५,१०० रुपये मिळत होते, तर अंशतः पडलेल्या पक्क्या घराला ५,२०० आणि कच्च्या घराला ३,२०० रुपये. २०२२ मध्ये हे आकडे वाढले आणि अनुक्रमे १,२०,०००, ६,५०० आणि ४,००० झाले. म्हणजे पाहणीची वेळ दोन-चार दिवस पुढे-मागे झाल्याने मातीच्या घरात राहणाऱ्याच्या मदतीत लाखाच्या आसपास फरक पडू शकतो. चिऱ्यांच्या वा सिमेंटच्या घराला हा धोका नाही. मातीच्या घरात राहणारे कोण आहेत हे सत्तरीत कोणालाही विचारावे लागत नाही.

कपड्यांसाठी आणि भांड्यांसाठी स्वतंत्र मदत आहे, २०२२ च्या निकषांनुसार प्रत्येकी २,५०० रुपये. ती घर वाहून गेले, पूर्ण पडले किंवा दोन दिवसांहून अधिक काळ पाण्यात राहिले तर मिळते. हा निकष गंगेच्या किंवा ब्रह्मपुत्रेच्या काठी बसून लिहिला असावा असे वाटते. म्हादईचे पाणी घरात दोन दिवस थांबत नाही. ते सहा-सात तासांत तांदळाची पिंपे, गाद्या, मुलांची पुस्तके चिखलात कालवून निघून जाते, आणि निकषाच्या दृष्टीने त्या घरात काहीच घडलेले नसते. राज्य सरकारे आपल्या तिजोरीतून यात भर घालू शकतात आणि घालतातही. पण जी भर निकषातून येत नाही, ती कोणाच्या तरी मर्जीतून येते.

इथे निवडणुकीचे गणित येते. गोव्यात विधानसभेचे ४० मतदारसंघ आहेत आणि एका मतदारसंघात सरासरी तीस हजारांच्या आतच मतदार असतात. एवढ्या लहान मतदारसंघात आमदाराला घरागणिक मते मोजता येतात. २०२१ चा पूर आला तेव्हा विधानसभा निवडणुकीला सात महिनेही उरले नव्हते, आणि १४ फेब्रुवारी २०२२ रोजी मतदान झाले. पूरग्रस्त गावांत तांदूळ, चादरी, पाण्याच्या बाटल्या भरपूर आल्या. त्यांच्या पिशव्यांवर नेत्यांचे चेहरे होते, आणि त्यांत सत्ताधारी व विरोधक असा भेद नव्हता. मला या मदतीबद्दल तुच्छता वाटत नाही. भिजलेल्या माणसाला चादर हवी असते, तिच्यावरचा चेहरा तो नंतर पाहतो. माझा आक्षेप वेगळा आहे. पिशवी घरोघरी पोहोचवणारी यंत्रणा इतकी अचूक असते की कोणते घर सुटले हे तिला रात्रीपर्यंत कळते, आणि हक्काची मदत पोहोचवणाऱ्या यंत्रणेला तेच घर महिनोन्महिने सापडत नाही.

वाळपईत संध्याकाळी, दिवाळीच्या पहाटे जाळायच्या नरकासुरांचे सांगाडे उभे राहत होते. मंडपाच्या फलकावर देणगीदार म्हणून जे चेहरे होते, त्यांतले काही पुराच्या पिशवीवरही पाहिल्याचे चहावाल्याने हसत सांगितले.

बुधवार, पैकूळ आणि शेळ-मेळावली

गुळेली पंचायतीत दोन गोष्टी एकाच वर्षात घडल्या आणि त्या एकमेकींपासून अलग काढून सांगितल्या तर दोन्ही अर्धवट राहतात.

पहिली गोष्ट जमिनीची. सरकारने शेळ-मेळावली येथील सुमारे १० लाख चौरस मीटर जमीन आयआयटीसाठी निवडली. सरकारी दप्तरात ती सरकारचीच जमीन होती. गावकऱ्यांच्या लेखी तिथे त्यांच्या काजूच्या बागा होत्या, देवराई होती, गुरे चरायची जागा होती आणि पिढ्यांची वहिवाट होती. सत्तरीतला हा गुंता पोर्तुगीज काळापासूनचा आहे. मोकासो (इनामी जमीन), आल्वारा (कसण्यासाठी दिलेली सरकारी सनद), राखीव जंगल अशा नोंदींच्या थरांखाली कसणाऱ्याचे नाव दबले गेले. गोवामुक्तीनंतर १९६४ मध्ये कूळ कायदा आला, १९७५ मध्ये मुंडकारांना, म्हणजे जमीनदाराच्या जमिनीवर घर करून राहणाऱ्यांना, घरातून हुसकावण्यापासून संरक्षण देणारा कायदा आला, तरी सत्तरीतल्या बऱ्याच कसणाऱ्यांना आपल्या नावाचा एक-चौदाचा उतारा, म्हणजे गोव्यातला सातबारा, मिळालेला नाही. जानेवारी २०२१ मध्ये जमिनीची आखणी करायला पोलीस बंदोबस्तात अधिकारी आले, गावकऱ्यांशी संघर्ष झाला, लाठीमार आणि अश्रुधूर झाला, आणि त्याच महिन्यात सरकारने प्रकल्प तिथून हलवण्याचा निर्णय घेतला.

दुसरी गोष्ट जुलैची. रगाडा नदीने पैकूळचा पूल वाहून नेला. आज तिथे नवा पूल आहे, उंच आणि रुंद, आणि त्यावर उभे राहिले असता खाली नदी इतकी शांत दिसते की पुराची कथा अतिशयोक्त वाटावी. पूल हे सरकारला उत्तम जमणारे मदतकार्य आहे. त्याची निविदा निघते, पायाभरणी होते, उद्घाटन होते, आणि पुलावरून जाणाऱ्याला उतारा विचारला जात नाही.

उतारा विचारला जातो तो घराच्या आणि बागेच्या मदतीसाठी. आपत्ती निधीच्या निकषांत घराच्या मदतीला एक अट जोडलेली आहे. पडलेले घर सक्षम अधिकाऱ्याने प्रमाणित केलेले अधिकृत बांधकाम असले पाहिजे. शेतीच्या मदतीसाठी किमान ३३ टक्के नुकसान आणि कमाल दोन हेक्टरची मर्यादा आहे, परंतु त्याआधी ते क्षेत्र कोणाचे हा प्रश्न सुटावा लागतो. गोव्यात कृषी खात्याच्या योजनांसाठी लागणारे कृषी कार्डही जमिनीच्या कागदाशी बांधलेले आहे. ज्याच्या बापजाद्यांनी काजू लावले पण ज्याचे नाव कागदावर नाही, त्याची कोसळलेली झाडे सरकारी दृष्टीने सरकारच्याच जमिनीवर कोसळलेली असतात.

मेळावलीतील एका मध्यमवयीन शेतकऱ्याशी मी बराच वेळ बोललो. तो आंदोलनात होता, आणि पुरात त्याचे कुळागर, म्हणजे पोफळींची बाग, गाळाने भरले. पोफळ लावल्यापासून फळ धरायला वर्षे लागतात, म्हणून एका दिवसाच्या पुराचे नुकसान पुढे कित्येक हंगाम चालू राहते. त्याने अर्ज केला, पाहणी झाली, छायाचित्रे काढली गेली, आणि अखेर जमिनीचा कागद मागितला गेला. “जानेवारीत साहेब म्हणाले जमीन आमची, जुलैत म्हणाले कागद तुमचा आणा,” असे त्याने सांगितले. मी त्याला मुद्दाम उलट बाजू विचारली. कागदाशिवाय मदत द्यायची ठरवली तर उद्या कोणीही सरकारी जमिनीवर झोपडी घालून पुराची वाट पाहील, असे अधिकारी म्हणतात, त्याचे काय? त्याचे उत्तर मला विचार करण्यासारखे वाटले. गावात कोण किती वर्षे राहतो हे पंचायतीला, शाळेच्या दाखल्याला, देवळाच्या मांडाला आणि शेजाऱ्याला माहीत असते. नव्याने आलेला आणि पिढ्यांचा रहिवासी यांतला भेद गाव एका बैठकीत सांगू शकते. तो भेद गावाला विचारलाच जात नाही, कारण विचारले तर त्याची नोंद करावी लागेल, आणि एकदा नोंद झाली की ती पुढे जमिनीच्या हक्काचा पुरावा होईल.

मला वाटते की या साऱ्या प्रवासातला मुख्य अडसर इथेच आहे. मदत नाकारण्यामागे नेहमी दुष्टावा असतो असे नाही. पूरग्रस्ताला रहिवासी म्हणून मान्य करणे म्हणजे त्याच्या जमिनीच्या दाव्याला अर्धी मान्यता देणे होय, ही भीती यंत्रणेत मुरलेली आहे. म्हणून पडलेल्या घराचा प्रश्न ज्या टेबलावर जातो, त्याच टेबलावर गेली साठ वर्षे न सुटलेला जमिनीचा प्रश्न पडलेला असतो, आणि पहिला दुसऱ्याखाली सरकवला जातो. सरकारी व कोमुनिदादच्या (गावाच्या सामूहिक मालकीच्या) जमिनींवरील जुनी घरे नियमित करण्याचे कायदे आणि ‘माझे घर’ योजना २०२५ मध्ये आल्या. त्यांचा लाभ मिळालेल्यांचा हा अडसर दूर होईल, आणि ते स्वागतार्ह आहे. काजूच्या बागेचा आणि कुळागराचा प्रश्न त्यात येत नाही.

गुरुवार, गांजे आणि चोडण

उसगावहून गांजेला जाताना म्हादई डाव्या-उजव्या हाताला येत राहते. इथेही २०२१ मध्ये घरे बुडाली. जे ऐकले ते वेळूससारखेच होते, म्हणून पुन्हा लिहीत नाही. एकच भर घालतो. शेतमजूर बायांनी सांगितले की पुरानंतर त्यांना चिखल काढण्याचे काम मिळाले, लावणीचे मात्र गेले. पिकाच्या मदतीचा हिशेब क्षेत्राने होतो, आणि त्यात बुडालेल्या मजुरीला रकाना नाही.

दुपारी रायबंदरहून फेरीबोटीने चोडणला गेलो. गोव्यात सुमारे १८,००० हेक्टर खाजन जमीन असल्याचे सांगितले जाते. भरतीच्या पाण्यापासून बांधांनी राखलेली, मानशीच्या, म्हणजे बांधातल्या झडपेच्या, दारांनी पाण्याची ये-जा नियंत्रित करणारी ही व्यवस्था शतकानुशतके चालली, कारण बांध तुटला तर साऱ्या गावाचे भात जाणार हे सर्वांना पटलेले होते. आता मानशीतल्या मासळीचा लिलाव भातापेक्षा अधिक पैसा देतो. खारे पाणी आत जितके अधिक काळ राहील तितकी मासळी अधिक, आणि भात तितके कमी. कुळांच्या संघटनांत यावरून उभे तट पडलेले मी पाहिले.

खाजनाचा बांध फुटला तर ती आपत्ती आहे की नाही, हा प्रश्न चोडणला अगदी व्यवहाराचा आहे. केंद्राच्या यादीत चक्रीवादळ, दुष्काळ, भूकंप, आग, पूर, त्सुनामी, गारपीट, भूस्खलन, हिमस्खलन, ढगफुटी, कीडहल्ला आणि थंडीची लाट एवढ्या बारा आपत्ती आहेत. कोरड्या दिवशी पौर्णिमेच्या भरतीने जुना बांध फोडला आणि शेतात खारे पाणी शिरले तर ते यातल्या कशात बसवायचे? पूर म्हणावे तर पाऊस नाही. दुर्लक्ष म्हणावे तर बांधाची जबाबदारी कुळ संघटनेची, म्हणजे दोष शेतकऱ्याचाच. बांध दुरुस्तीसाठी कृषी खात्याची मदत आहे, परंतु बुडालेल्या हंगामाचे काय, याचे सरळ उत्तर कोणाकडे नव्हते. यादी जिथे ठरते तिथे खाजन नावाची गोष्ट कोणी पाहिलेली नसावी. खाजनात नुकसान सोसणाऱ्यांत भाटकार, म्हणजे जमीनदार, क्वचितच असतो. कूळ, मजूर आणि मानशीबाहेर खाडीत जाळे टाकणारे पागी असतात.

शुक्रवार, पणजी

पाऊस होता आणि वाचनालयात बसून २००५ चा आपत्ती व्यवस्थापन कायदा पुन्हा वाचला. त्याच्या बाराव्या कलमात मदतीची किमान मानके सांगितली आहेत, विधवा आणि अनाथ यांच्यासाठी विशेष तरतूद करण्यास सांगितले आहे. एकसष्टाव्या कलमात मदत देताना लिंग, जात, समुदाय, वंश किंवा धर्म यांवरून भेदभाव करता येणार नाही असे स्वच्छ लिहिले आहे. २००४ च्या त्सुनामीनंतर तमिळनाडूच्या किनाऱ्यावर दलित आणि इरुला कुटुंबांना मदतछावण्यांतून वगळले गेल्याच्या तक्रारी झाल्या होत्या, आणि पुढच्याच वर्षी आलेल्या कायद्यात हे कलम असणे आवश्यकच होते. मात्र निधीच्या निकषांत ‘अधिकृत बांधकाम’ ही अट घातली की जातीचे नावही न घेता तोच परिणाम साधता येतो, कारण गोव्यात कोणाच्या हाती जमिनीचा कागद आहे हे जातीपासून फार दूर नाही. त्याच निकषांत असेही म्हटले आहे की ही रक्कम तातडीचा दिलासा आहे, नुकसानीची भरपाई नव्हे. मग तातडीच्या दिलाशासाठी मालकी सिद्ध करण्याची गरज का पडावी, याचा खुलासा मला त्या पानांत सापडला नाही.

शनिवार, बाळ्ळी आणि काणकोण

मडगावहून काणकोणला जाणारी कदंब बस बाळ्ळीवरून जाते. २५ मे २०११ रोजी इथे आदिवासी संघटनांच्या आंदोलनाला हिंसक वळण लागले आणि दोन आदिवासी तरुण आगीत मृत्युमुखी पडले. गावडा, कुणबी आणि वेळीप या समाजांचा अनुसूचित जमातींत समावेश २००३ मध्ये झाला. २०११ च्या जनगणनेनुसार ते राज्याच्या लोकसंख्येच्या दहा टक्क्यांहून अधिक आहेत, आणि विधानसभेत त्यांच्यासाठी जागा राखून ठेवण्याचा मार्ग मोकळा करणारे विधेयक संसदेत संमत व्हायला ऑगस्ट २०२५ उजाडला. गवळी धनगर तर अजूनही जमातींच्या यादीबाहेर आहेत. वनहक्क कायद्याखाली गोव्यात सुमारे दहा हजार दावे दाखल झाले आणि त्यांचा निपटारा अतिशय संथ गतीने झाला. काणकोणच्या डोंगरउतारावर ज्याचा दावा प्रलंबित आहे, त्याच्यावर दरड कोसळली तर त्याची गत मेळावलीच्या शेतकऱ्यापेक्षा वेगळी होणार नाही.

दरडी इथे कोसळल्याही आहेत. २ ऑक्टोबर २००९ रोजी काही तासांच्या पावसाने तळपण आणि गालजीबाग नद्यांना अचानक पूर आला, डोंगर घसरले, चिखलाचे लोट घरांत शिरले आणि शेकडो घरांचे नुकसान झाले. गांधी जयंतीची सुटी असल्याने कचेऱ्या बंद होत्या. पहिले दिवस शेजाऱ्यांनी आणि मठ-मंदिरांनी निभावले, असे पर्तगाळ परिसरातील लोक सांगतात.

परंतु काणकोणात मला अधिक वेळ थांबावेसे वाटले ते चावडी या बाजारगावात. ४ जानेवारी २०१४ रोजी इथे बांधकाम चालू असलेली एक इमारत कोसळली आणि ३१ कामगार मरण पावले. बहुतेक सारे परराज्यांतून आलेले होते. निसर्गाने हे केले नव्हते, म्हणून आपत्ती निधीची तालिका इथे सरळ लागू होत नव्हती. बांधकाम कामगारांसाठी तेव्हा १९९६ चा कायदा होता, उपकर गोळा होत होता, मंडळ होते, पण त्याचा लाभ नोंदणी झालेल्यालाच मिळत होता. ढिगाऱ्याखालचा माणूस कोण, त्याचे गाव कोणते, त्याच्या घरी कोण आहे, हे ठेकेदाराच्या वहीवर अवलंबून असते. २००९ चा पूरग्रस्त निदान गावाचा मतदार होता. २०१४ चे मृत इथे कोणाचेच मतदार नव्हते, आणि त्यांच्या कुटुंबांकडे पिशवी घेऊन जाण्यात कोणालाच लाभ नव्हता.

एक निवृत्त शिक्षक, जे २००९ पासून आपल्या वाड्यातील प्रत्येक घराच्या नुकसानीची वही ठेवतात, त्यांनी ग्रामसभेसाठी लिहिलेला ठरावाचा मसुदा मला वाचून दाखवला. त्यात तीन मागण्या आहेत. घर क्रमांक, वीजबिल किंवा मतदार यादी यांपैकी कोणताही एक पुरावा मदतीसाठी पुरेसा मानावा आणि त्यातून जमिनीचा हक्क सिद्ध होत नाही असे अर्जावरच छापावे. मातीच्या घराची पंधरा दिवसांनी दुसरी पाहणी सक्तीची करावी. पंचनाम्यातून वगळलेल्या घरांची यादी, वगळण्याच्या कारणासह, पंचायतीत लावावी. पहिल्या मागणीतला शेवटचा भाग मला विशेष महत्त्वाचा वाटला, कारण यंत्रणेची खरी भीती ओळखून तिला दिलेली ती वाट आहे.

शेजारी बसलेल्या एका पंचाला, म्हणजे पंचायत सदस्याला, हे सारे मान्य होते. त्याचा विरोध मी सुचवलेल्या चौथ्या मागणीला होता. भाड्याच्या खोल्यांत आणि बांधकामाच्या ठिकाणी राहणाऱ्या कामगारांचीही पावसाळ्यापूर्वी नोंद व्हावी, असे मी म्हटले. “त्यांची नोंद आम्ही केली की उद्या ते घरही मागतील, सर,” तो म्हणाला. शिक्षकांनी त्याला आठवण करून दिली की वेळीपवाड्याबद्दल तालुक्याचे साहेब नेमके हेच बोलले होते. पंच हसला, पण आपले मत त्याने बदलले नाही. येत्या रविवारी ग्रामसभा आहे. चौथी मागणी मसुद्यात पेन्सिलीने लिहिलेली आहे आणि ती वाचायची की नाही हे दोघांचे अजून ठरलेले नाही.